दवणा हे नाव घरात कसं आलं

मागच्या रविवारी फोनवर धाकटीनं विचारलं, "आजी, आईच्या नावाचा अर्थ काय? शाळेत आम्हाला आपापल्या आईच्या नावाबद्दल बोलायचंय." मी म्हटलं, मग आईलाच का नाही विचारलंस? तर म्हणाली, "आई म्हणते आजीला विचार. नाव ठेवलं तेव्हा मी तिथं होते, पण बारा दिवसांची होते."

उत्तर बरोबर आहे. फोनवर मी दोन वाक्यांत अर्थ सांगितला. पण तेवढ्यानं भागत नाही, म्हणून हे सविस्तर लिहिते आहे. तुम्हा सगळ्यांना मराठी वाचता येतं, सावकाश का होईना, याचं मला बरं वाटतं.

आधी अर्थ. दवणा ही एक लहानशी वनस्पती आहे. गुडघ्याएवढीही होत नाही. पानं बारीक कातरल्यासारखी, राखाडी हिरवी, आणि वास असा की हातात चुरगळली तर संध्याकाळपर्यंत हात धुवूनही जात नाही. वाळली तरी वास टिकतो, म्हणून बायका ती लुगड्यांच्या घडीत ठेवत. कोल्हापूरजवळ डोंगरावर जोतिबाचं देऊळ आहे. चैत्रात तिथं यात्रा भरते, तेव्हा देवाला गुलाल, खोबरं आणि दवणा वाहतात. संस्कृतात याला दमनक म्हणतात. आमच्या शाळेतल्या संस्कृतच्या बाईंनी मला सांगितलं होतं की शंकराच्या रागातून एक भैरव निघाला, त्याला झाड होण्याचा शाप मिळाला, आणि तोच दमनक. जोतिबालाही लोक भैरवाचं रूप मानतात, तेव्हा त्याला दवणा का चालतो याचं उत्तर या गोष्टीत असावं. मुलीचं नाव म्हणून दवणा मी तुमच्या आईच्या आधी एकाच बाईचं ऐकलं, आणि नंतर कुणाचंही नाही.

हा झाला अर्थ. बाकीचा इतिहास आहे, आणि तो आपल्या घरातला आहे.

मी लग्न होऊन कोल्हापूरला आले तेव्हा संस्थान नुकतंच विलीन झालं होतं. तुमचे आजोबा दरबारच्या कचेरीत लागले होते. आता कचेरी तीच, टेबलं तीच, पण साहेब मुंबई सरकारचा, असं झालं होतं. माझे वडील रेल्वेत होते. माझं लहानपण भुसावळ, इटारसी, जबलपूर असं रेल्वेच्या वसाहतींत गेलं आणि शिक्षण इंग्रजी शाळांत. घरी आम्ही मराठी बोलत होतो, पण कुठल्या देवाला कुठलं फूल, कुठल्या सणाला कुठली पत्री, यातलं मला जवळजवळ काही ठाऊक नव्हतं. आई मी कॉलेजात असतानाच गेली, त्यामुळे ते शिकायचंही राहून गेलं. कोल्हापुरात आल्यावर मुलींच्या हायस्कुलात इंग्रजी शिकवायची नोकरी मिळाली आणि सासरी कुणी नको म्हटलं नाही.

घरात तेव्हा आम्ही पाचजणं. तुमचे आजोबा, त्यांची धाकटी बहीण, मी, माझ्या सासूबाई, आणि सासूबाईंच्याही सासूबाई. या शेवटच्या म्हाताऱ्या बाईंना सगळे मोठ्या आई म्हणत. सासरे मी येण्याच्या आधीच गेले होते. मुलगा गेला तरी आई आणि सून एकमेकींना धरून राहिल्या होत्या. दिवसातून दोनदा तरी भांडत, आणि जेवायला मात्र एकमेकींसाठी थांबत.

सासूबाई शिरोळकडच्या, शेतकऱ्याच्या घरच्या. आवाज मोठा, बोलणं सरळ. कोल्हापुराकडं बायकाही "मी येतो, मी जातो" असंच म्हणतात. पहिले काही दिवस मला वाटायचं आतून कुणी पुरुषमाणूस बोलतोय.

आता एक रीत सांगायला हवी, नाहीतर पुढचं समजणार नाही. त्या काळी बाई नवऱ्याचं नाव घेत नसे, हे तुम्ही ऐकलं असेल. पण ते तेवढ्यावर थांबत नव्हतं. सासऱ्याचं, सासूचं, थोरल्या दिराचं, कुणाचंच नाव सुनेनं घ्यायचं नाही. आणि ते नाव जर एखाद्या वस्तूचं असेल तर त्या वस्तूचंही नाव घ्यायचं नाही. आमच्या शेजारच्या काकूंच्या सासऱ्यांचं नाव सोमवारावरून ठेवलेलं होतं. तर काकू सोमवारला जन्मभर "महादेवाचा वार" म्हणत आल्या. "महादेवाच्या वारी पाणी येणार न्हाय म्हणं," असं त्या सांगत, आणि सगळ्यांना कळत असे. मला याची गंमत वाटायची. आपल्या घरातही असं काही चालू असेल, हे मात्र माझ्या डोक्यात आलं नाही.

माझ्या पहिल्या चैत्रात सासूबाईंचे भाऊ शिरोळकडून आले आणि जोतिबाला जाता जाता एक हिरवी पेंडी आमच्या ओट्यावर ठेवून गेले. सासूबाईंनी ती सुपात घातली आणि म्हणाल्या, "ही वासाची पत्री नीट निवड. काड्या टाकू नगंस, त्यालाबी वास असतोय." मी निवडली. त्या दिवसापासून माझ्या लेखी त्या वनस्पतीचं नाव वासाची पत्री. शाळेत एकदा सहज म्हणालेसुद्धा, "आज लवकर जाते, घरी वासाची पत्री निवडायचीय." समोरच्या बाईंनी माझ्याकडे जरा बघितलं, पण बाहेरची मुलगी म्हणून सोडून दिलं असावं. त्याच दिवसांत आमच्या गल्लीतून "दवणाऽ" अशी विक्रेत्याची हाक जायची. आमच्या घरी तो कधी घेत नसत, तेव्हा ते दुसरंच काहीतरी असणार, असं मी धरून चालले होते.

अशी काही वर्षं गेली. मला दिवस गेले त्या वर्षी मोठ्या आई अंथरुणाला खिळल्या. त्यांचं सगळं सासूबाईंनी केलं. मला उचलायला, वाकायला देत नव्हत्या. मोठ्या आई आषाढात गेल्या आणि तुमची आई थंडीच्या सुरुवातीला जन्मली. माझं माहेर असं राहिलं नव्हतं, म्हणून बाळंतपण सासरीच झालं. बघायला येणारी प्रत्येक बाई पोरीकडं बघून म्हणायची, "मोठ्या आई परत आल्या बघा." सासूबाई नुसत्या "हूं" म्हणायच्या.

नाव आम्ही दोघांनी आधीच ठरवलं होतं. ते इथं लिहीत नाही. त्या वेळी ते अगदी नवीन आणि छान वाटायचं, आणि पुढं वर्गावर्गात त्या नावाच्या दोन-तीन मुली दिसायला लागल्या. बारशाला तुमच्या आईची आत्या, म्हणजे माझ्या वन्सं, जयसिंगपुराहून आल्या. त्यांचं लग्न होऊन वर्षच झालं होतं. बाळाचं नाव कानात सांगायचा मान आत्याचा. त्यांना ते नाव इतकं आवडलं होतं की येताना त्यांनी एक दुपटं शिवून आणलं होतं, आणि त्याच्या कोपऱ्यावर निळ्या दोऱ्यानं ते नाव भरलेलं होतं.

बारशाच्या आदल्या दिवशी सकाळी सासूबाई न्हाणीत पाय लांब करून बसल्या होत्या आणि पोर त्यांच्या पायावर पालथी होती. तिला तेल लावून झालं होतं. मी दाराशी पाटावर बसले होते.

"नाव ठरलं म्हणं तुमचं," सासूबाई म्हणाल्या.

"हो. वन्संनी दुपट्यावर भरूनसुद्धा आणलंय."

"बघितलं. चांगलं हाय." त्यांनी एक तांब्या पाणी ओतलं. पोरीनं टाहो फोडला. तो कमी झाल्यावर म्हणाल्या, "मोठ्या आईंचं ठिवायचं हुतं."

मोठ्या आईंचं नाव मला माहीत होतं. एका देवीचं होतं. गल्लीत हाक मारली तर चार घरांतून उत्तर येईल असं. मी तसं म्हणाले.

"ते न्हवं. ते लग्नातलं. म्हायेरचं म्हणतोय मी."

"माहेरचं काय होतं?"

त्यांनी माझ्याकडे असं बघितलं, जणू मी त्यांना भर रस्त्यात डोक्यावरचा पदर काढायला सांगितला होता. "मी घेऊ व्हय त्यांचं नाव?"

"मग मला कसं कळणार?"

त्यांनी जरा विचार केला. "आपुन चैतात जोतिबाला काय वाहतो?"

"गुलाल."

"आणि?"

"खोबरं."

"आणि गं?"

"वासाची पत्री."

"हां!" त्या म्हणाल्या. "त्येच."

मी जपूनच विचारलं, "मोठ्या आईंचं नाव वासाची पत्री होतं?"

सासूबाई इतक्या हसल्या की पोर पायावरून घसरायला आली. "अगं ए! वासाची पत्री असं कुणी पोरीचं नाव ठिवतंय व्हय? लोकं काय म्हणत्यात तिला?"

"लोक काय म्हणतात?"

"तुला ठावं न्हाय?"

"तुम्हीच शिकवलंत ना मला, वासाची पत्री म्हणून."

त्यांनी ओला हात कपाळावर मारून घेतला. एवढ्यात वन्सं धुरीसाठी निखारे घेऊन आल्या. मी विचारलं, "वन्सं, वासाची पत्री म्हणजे काय हो?"

"दवणा की, वहिनी. एवढी वर्षं झाली कोल्हापुरात येऊन!"

"मग तुम्ही घरात वासाची पत्री का म्हणता?"

"आई म्हणती. तिच्या म्हायेराकडं तसंच म्हणत असतील, असं वाटायचं मला." हे बोलता बोलता त्यांचं आईकडं लक्ष गेलं. सासूबाई खाली बघत पोरीचे पाय चोळत होत्या. वन्संनी निखारे खाली ठेवले. "आई, म्हणजे मोठी आई..."

"व्हय," सासूबाई म्हणाल्या. "त्येच हुतं."

तेव्हा त्यांनी सांगितलं ते असं. मोठ्या आईंचा जन्म कृष्णाकाठच्या गावातला. त्यांच्या आधीची भावंडं जगली नव्हती. वडिलांनी जोतिबाला नवस बोलून ठेवला होता, आणि शेताच्या एका पट्टीत दरवर्षी दवणा लावून त्याचा भारा डोक्यावर घेऊन ते चालत डोंगरावर जात. अशाच एका चैत्रात ते देवाला जाऊन परत आले तर घरी मुलगी झालेली. तिचं नाव त्यांनी दुसरं काही ठेवलंच नाही. ती जगली. नवव्या वर्षी तिचं लग्न झालं आणि सासरी देवीचं नाव मिळालं.

सासूबाई या घरात आल्या तेव्हा त्या जेमतेम बारा वर्षांच्या. मोठ्या आईंची आई तेव्हा जिवंत होती. ती एकदा लेकीकडं राहायला आली आणि चुलीपाशी बसून म्हणाली, "दवणे, भाकरी करपली बघ." हे ऐकून लहान सुनेला हसू आवरेना. चैत्र आला तशी ती अंगणात उभी राहून मुद्दाम मोठ्यानं म्हणाली, "दवणा आला का गं दवणा?" शेजारच्या एका थोरल्या बाईनं तिथंच तिचा कान पिळला. सासूचं नाव घेतेस म्हणून.

"मग मोठ्या आई काय म्हणाल्या?" मी विचारलं.

"त्या बाहीर आल्या. माझा कान सोडवला. म्हणाल्या, घिऊ दे गं तिला. तेवढंच कुणीतरी घेईल." सासूबाईंनी पोरीच्या अंगावर शेवटचा तांब्या ओतला. "पर माझा कान चांगलाच दुखलता. मी काय परत घेतलं न्हाय."

आषाढात, शेवटच्या दिवसांत, मोठ्या आईंनी त्यांना जवळ बोलावलं होतं. श्राद्धाला नाव घेऊन पाणी सोडतात, तुम्ही पाहिलेलं नाही, पण तसं असतं. मोठ्या आई म्हणाल्या, "माझं पाणी त्या लग्नातल्या नावानं सोडतील. त्या नावाची बाई मी न्हवंच. मग ते पोचायचं कुणाला?" आणि म्हणाल्या, "घरात पोरगी झाली तर माझं तिला द्या."

"देतो म्हटलं मी," सासूबाई म्हणाल्या, आणि पोरीला पंच्यात गुंडाळून माझ्याकडं दिलं.

त्या दिवशी घरात जेवढी चर्चा झाली तेवढी माझ्या लग्नाच्या वेळीही झाली नसेल. वन्संना पहिला धक्का दुपट्याचा बसला. "आणि माझ्या टाक्यांचं काय? चार दुपारी बसून भरलंय मी ते!" दुसरं त्यांचं म्हणणं असं की त्या आत्या आहेत, कानात सांगणार त्या, आणि "दवणा" सांगितलं तर बायका म्हणतील हिला दुसरं नाव सुचलं नाही. कचेरीतून आल्यावर तुमचे आजोबा बाळंतिणीच्या खोलीच्या दारातूनच म्हणाले, "दवणा? कचेरीत सांगितलं तर म्हणतील, पुढं मुलगा झाला की खोबरं ठेव."

"तुझं ठिवायचं राहिलं तेवढं," सासूबाई स्वयंपाकघरातून ओरडल्या.

आजोबांची हरकत त्याहून जास्त नव्हती. "तुम्ही ठरवा," ते म्हणाले. "पण शाळेत तिला चिडवलं तर माझ्याकडं यायचं नाही." चिडवलं, अर्थातच चिडवलं. ती वर्गात शिरली की मागच्या बाकावरच्या मुली "चांगभलं!" म्हणून ओरडायच्या. तुमची आई मग गुलाल उधळल्यासारखे हात करून जागेवर जाऊन बसायची, आणि ती कुणाकडंही तक्रार घेऊन आली नाही.

म्हणजे अडलं होतं ते माझ्यापाशी. आई म्हणून माझा शब्द महत्त्वाचा आहे, असं सासूबाईंनीच ठरवून टाकलं होतं, नाहीतर त्या आधी माझ्याशी बोलल्या नसत्या. मला नाव आवडलं की नाही, हा प्रश्न नव्हता. माझंही नाव लग्नात बदललं होतं. ताटात तांदूळ पसरून तुमच्या आजोबांनी अंगठीनं नवीन नाव लिहिलं होतं. पण माझी सर्टिफिकिटं जुन्या नावाची, म्हणून शाळेत जुनं नाव चालू राहिलं. मला दोन नावं आहेत आणि मी दोन्हींना ओ देते. मोठ्या आईंपाशी एकच उरलं होतं आणि ते त्यांना त्यांचं वाटत नव्हतं. ते मला पटलं होतं.

माझी अडचण वेगळी होती. संध्याकाळी सासूबाई धुरीची शेगडी घेऊन आल्या तेव्हा मी ती बोलून दाखवली. "आई, नाव ठेवलं तर तुम्ही तिला हाक कशी मारणार?"

"मारतो की कशीतरी. पत्री म्हणतो."

ते त्यांनी खरं केलं. त्या असेपर्यंत तुमची आई त्यांची पत्रीच होती. "ए पत्रे, जेवायला ये!" ही हाक चार घरं पलीकडं ऐकू जायची.

"आणि मी?" मी विचारलं.

त्यांनी शेगडीवर ओवा टाकला. धूर झाला. "तुझ्या आजेसासूचं नाव हाय ते."

"म्हणूनच विचारते."

"तू शिकलेली हाईस. शाळेत घे, बाहीर घे. घरात..." त्या थांबल्या. "लोकं काय म्हणतील? शिकलेली सून आजेसासूला नावानं हाका मारतीया."

मी म्हणाले, "आई, माझी मुलगी आहे. तिला मी घरात, अंगणात, जिथं असेन तिथून नावानंच हाक मारणार. तुमच्यासमोरसुद्धा. ते चालणार नसेल तर हे नाव नको. इतकी वर्षं ते या घरात कुणी घेतलं नाही. आता पोरीला देऊनही आपण दोघी घेणार नसू, तर मग दिलं कुणाला?"

मी आवाज चढवला नव्हता. पण सासूबाईंशी असं सरळ मी तोपर्यंत कधी बोलले नव्हते. त्यांनी शेगडी पोरीपासून जरा लांब सरकवली आणि बाहेर गेल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळपासून घुगऱ्या शिजत होत्या, पाळणा धुवून पुसून ठेवला होता, फुलं आली होती. सासूबाई सगळीकडं होत्या, फक्त माझ्या खोलीत आल्या नाहीत. पोरीला न्हाऊ घालायलाही त्यांनी वन्संना पाठवलं. दुपारी वन्सं दार लावून घेऊन मला म्हणाल्या, "वहिनी, कानात कुठलं सांगू ते तरी सांगा. मी काय पाळण्यापाशी उभी राहून चिठ्ठ्या टाकू?"

"आईंना विचारा."

"विचारलं. ती म्हणती, वहिनीला विचार."

"मग दुपट्यावरचं सांगा," मी म्हणाले. वन्संना आनंद व्हायला हवा होता. पण त्या दुपट्याची घडी घालत बसल्या आणि ते भरलेलं टोक आत दुमडून ठेवलं.

चार वाजता बायका जमल्या. बारसं तुम्ही पाहिलेलं नाही, म्हणून सांगते. बाळाच्या आधी पाळण्याखालून आणि वरून एक वरवंटा फिरवतात. दोन बायका पाळण्याच्या दोन बाजूंना उभ्या राहून तो एकमेकींकडं देतात. मग तसंच बाळाला देतात आणि पाळण्यात ठेवतात. मग आत्या वाकते, बाळाच्या कानाशी "कुर्र" करते आणि नाव सांगते, आणि तेवढ्यात मागच्या बायका आत्याच्या पाठीत धपाटे घालतात. त्या दिवशी "महादेवाचा वार" म्हणणाऱ्या काकू धपाट्यांसाठी पुढंच येऊन उभ्या होत्या.

मी भिंतीला टेकून बसले होते. वन्सं वाकल्या. वाकताना त्यांनी माझ्याकडं बघितलं. मी सासूबाईंकडं बघितलं. त्या स्वयंपाकघराच्या दारात घुगऱ्यांची परात घेऊन उभ्या होत्या.

"थांब गं," त्या म्हणाल्या.

वन्सं वाकलेल्याच राहिल्या.

"आधी तिच्या आईला घिऊ दे नाव. मोठ्यानं. सगळ्यांनी ऐकू दे."

बायकांत कुजबुज झाली. काकू म्हणाल्या, "आत्याच्या आधी आई? असं कुठं असतंय व्हय?"

"आमच्यात असतंय," सासूबाई म्हणाल्या.

"कवापासनं?"

"पहिल्यापासनं. तुम्हास्नी ठावं न्हाय." परात खाली न ठेवता त्या माझ्याकडं वळल्या. "घे गं. म्हंजी पुन्हा कुणी काय म्हणायला नगो."

मी उभी राहिले. खरं सांगायचं तर आधी पदर दोनदा सारखा केला. शाळेत पन्नास मुलींसमोर रोज बोलणारी मी. "दवणा," मी म्हणाले.

कुणीतरी मागं हसलं. कुणीतरी विचारलं, "दवणा? हे कुणाचं काढलं नाव?"

"घरचंच हाय," सासूबाई म्हणाल्या.

वन्संनी मग "कुर्र" करून तेच नाव तीनदा कानात सांगितलं, आणि काकूंनी त्यांच्या पाठीत असा धपाटा घातला की त्या पाळण्यावरच पडायच्या राहिल्या. घुगऱ्या वाटल्या गेल्या. बायकांनी ओट्या भरल्या, पोरीच्या हातात नाणी ठेवली, आणि दिवेलागणीच्या आधी सगळ्या आपापल्या घरी गेल्या. तीन पिढ्यांनी न घेतलेलं नाव आता गल्लीतल्या प्रत्येक घरात पोचलं होतं. दुपट्यावरचं नाव वन्संनी पुढच्या आठवड्यात पिनेनं उसवलं. निळा दोरा निघाला, भोकं राहिली.

पण ते नंतरचं. त्या संध्याकाळी घर रिकामं झालं, पोर पाळण्यात झोपली होती आणि मी खोलीत पडले होते. सासूबाई परात घासत होत्या. घासता घासता थांबल्या.

"एकदा आणि घे की," त्या तिकडूनच म्हणाल्या.

"काय घेऊ?"

"घे म्हणतोय न्हवं. मघाशी बायकांच्या गोंधळात नीट ऐकू आलं न्हाय."

मी उठून पाळण्यापाशी गेले आणि हाक मारली.

"मोठ्यानं," सासूबाई म्हणाल्या.

मी मोठ्यानं हाक मारली. पोर दचकून जागी झाली आणि जी रडायला लागली ती काही केल्या थांबेना. सासूबाई राखेचे हात तसेच घेऊन पळत आल्या, आणि बाकीची सगळी संध्याकाळ आम्हा दोघींची तिला आळीपाळीनं खांद्यावर घेऊन झोपवण्यात गेली.